हिरवा दिवा चालू होता

शुक्रवार, संध्याकाळ

घोडेगावच्या बाजारात आता वय ओळखायला जनावराचे दात कोणी बघत नाही, म्हणून मलाही ते यंत्र घ्यावं लागलं. मानेला लावलं की अंगातून सरणारा काळ वाजतो. कालवडीचा भरभर, म्हाताऱ्या बैलाचा थांबून थांबून. मागच्या बाजारी एका म्हशीचा वाजलाच नाही. चार्जिंग असल्याचा हिरवा दिवा तर चालू होता. टेम्पो घरी पोचायच्या आत ती गेली.

आज बायकोनं गंमत म्हणून ते माझ्या मानेला लावलं. "लई सावकाश वाजतंय तुमचं," म्हणून हसली. मग स्वतःला लावलं. काहीच नाही.

"चार्जिंग संपलंय वाटतं," म्हणत ती भाकरी करायला गेली. मी व्हय म्हणालो. का म्हणालो?

हिरवा दिवा चालूच आहे. आतून भाकरी थापल्याचा आवाज येतोय. तो मधेच थांबला की माझं पेनही थांबतं.