मागच्या खोलीची बॅटरी

३ नोव्हेंबर १९८६, निर्मळ
अखेर घर मिळालं! इथल्या शाळेत बदली झाल्यापासून मैत्रिणीकडे वळकटी टाकून होते. आता केळीच्या बागेत अख्खा बंगला, तोही भाड्याविना. मालक सेबेस्टियन कुवेतला असतो. अट एकच: घर सांभाळायचं आणि त्याने तिकडून आणलेली बिनतारी चोरघंटी चालू ठेवायची. प्रत्येक दारावर बाहेरच्या बाजूला एक डबी, डबीत चौकोनी बॅटरी. दार हललं की दिवाणखान्यातला भोंगा कोकलतो. बॅटरी गेली की भोंग्यावर त्या दाराचा लाल दिवा लागतो. मागच्या खोलीत त्याचं सामान आहे, ती उघडायची नाही. मला काय करायचंय? पायरीवर बसून चहा प्याले. सुख.

६ नोव्हेंबर
मागच्या खोलीचा लाल दिवा लागला. आगाशीच्या बाजारातून बॅटरी आणून घातली. संध्याकाळी शाळेतून येते तर पुन्हा लाल! डबी उघडी, बॅटरी उंबऱ्याशी. क्लिप ढिली असेल.

११ नोव्हेंबर
रोज तेच. मी बसवायची, शाळेतून यावं तर बॅटरी जमिनीवर. आज डोकंच फिरलं. दुसरी किल्ली शेजारच्या आग्नेसकडे असते. तिच्या नवऱ्याला, अँथनीला, कुंपणावरून चांगलं सुनावलं की बाईमाणूस एकटं बघून घरात शिरून चाळे करता, लाज नाही वाटत?  तो मान खाली घालून आत गेला.

१२ नोव्हेंबर
आग्नेस आली. अँथनीने किल्लीला हातही लावलेला नाही म्हणाली, क्रुसाची शपथ घेऊन. मग रडत रडत सगळं सांगितलं. सेबेस्टियनची बायको सालोमी. तो सुट्टीवर आला की तिला त्या खोलीत घालून बाहेरून कडी लावायचा. तिने दार हलवलं की भोंगा, आणि भोंगा वाजला की हा बागेतून धावत यायचा. गेल्या साली भोंगा वाजायचा थांबला. बायकोला कुवेतला नेलं, असं त्याने सांगितलं. जाताना तिला कुणीच पाहिलं नाही.
मी ओरडलेच, पोलिसांत का नाही गेलात? तर म्हणाली, "टीचर, नवराबायकोच्या मधी आमी काय बोलनार?"
काय बोलणार! सगळी आळी रोज ऐकत होती आणि जेवत होती. रागाने पेन कागदात रुततंय. अक्षर बघा.
आणि ती बॅटरी रोज परत कोण बसवत होतं? मी.

१३ नोव्हेंबर, दुपार
शाळेत गेले नाही. पोलिसांकडे जाणारच, पण आधी माझ्या डोळ्यांनी बघणार. सगळ्या डब्यांतल्या बॅटऱ्या उपसून विहिरीत फेकल्या. वही घेऊनच मागच्या खोलीत आले, दिसेल ते लिहून ठेवते.
सामान नाही. एक खाट. खाटेपासून दारापर्यंत लादीवर पाय घासून पडलेली वाट.
मोठ्याने म्हटलं, सालोमी, दार उघडं आहे, जा बाई.

दार लागलं. वारा नव्हता.

कडी— बाहेरून—

डबीचं झाकण. टक्. कुणीतरी बसवलं. पण बॅटऱ्या तर सगळ्या मी—

सालोमी, मी तो नाही. मला माहीत नव्हतं, मला—

दार ढकललं. भोंगा. थांबत नाही—

झरोक्यातून आग्नेस दिसते. तिच्या अंगणात उभी आहे. इकडेच बघते. हाका मारल्या, घसा फुटेस्तोवर—

आत गेली. खिडकी लावून घेतली. दुसरीही लावते आहे. आग्नेस, तुला ऐकू येतंय, तुम्हाला सगळ्यांना ऐकू—