तुमच्या सामाईक मनातलं माझं खोटं

अहो,

अख्ख्या संसारात तुम्हाला कधी पत्र लिहिलं नाही. चार गल्ल्या सोडून तुमचं दुकान, लिहायची वेळच कुठं आली? आज बसले, कारण आपला बालाजी सकाळच्या गाडीनं हैदराबादला परत गेला. जायच्या आधी त्यानं मला एक प्रश्न विचारला. त्याला मी खरं उत्तर दिलं. पण ते आधी तुम्हाला द्यायला पाहिजे होतं.

तुमचं वर्षश्राद्ध जवळ आलंय. पोरगा म्हणतो, "अप्पानं लिहिलेलं सगळं छापू. ठाणाकुशनूरचा मोटार वाइंडिंगवाला काय इचार करायला होता, कळू दे लोकायला."

किती हसायचे तुम्हाला लोक! तुम्ही मात्र गिऱ्हाइकाची जळलेली मोटार उघडून त्यालाच शिकवायचे. "ही तार त्या तारंला शिवती का? न्हाई. तरी हिच्यातला जोर तिला कळतोय. मधी चुंबकाचं क्षेत्र हाय, दिसत न्हाई. माणसायचं तसंच. मन डोक्यात नसतंय. सगळ्यायच्या मधी एकच पसरलेलं असतंय. कुणीच एकटं न्हाई."

गिऱ्हाईक म्हणायचं, "ते असू द्या अण्णा, मोटार कधी देताव?"

मग पुरावा पाहिजे म्हणून तुम्ही मला धरलंत. रोज अकराला मी घरी बसून एक वस्तू मनात आणायची, तुम्ही दुकानात बसून ती ओळखायची आणि वहीत लिहायची. पहिल्या दिवशी मी मुडबीचं, माझ्या माहेरचं पितळी घंगाळ मनात आणलं. तुम्ही जेवायला आलात ते चपलासुद्धा न काढता म्हणालात, "घंगाळ!" माझ्या अंगावर काटा आला. खरंच जुळलं होतं हो ते.

दुसऱ्या दिवशी मी मनात लिंबू धरलं. तुम्ही म्हणालात, "कंगवा." किती आनंद होता तुमच्या तोंडावर! मी म्हणाले, "व्हय, कंगवाच."

त्यानंतर एकदाही जुळलं नाही. एकदाही नाही! आणि मी रोज व्हय म्हणत गेले. आधी तुम्हाला बरं वाटावं म्हणून, नंतर खोटं उघडं पडेल ह्या भीतीनं. शेवटी शेवटी तर मी काही मनात आणतच नव्हते. भाजी चिरत बसायची.

त्या वहीच्या भरवशावर तुम्ही मला कलबुर्गीला नेलंत, कॉलेजातल्या सरांकडं. इस्त्रीचा शर्ट घालून. सरांनी आपल्याला दोन खोल्यांत बसवलं. माझ्या हातात चित्रं दिली, पलीकडं तुम्ही ओळखत होता. एकही जुळलं नाही. सर भले माणूस, चहा पाजला. तुम्ही कप हातात धरून बसलात, प्यालात नाही.

परतीची बस हुमनाबादला आली. तुम्ही खिडकीबाहेर बघतच विचारलंत, "प्रयाग, तिथं भ्यालीस का तू?"

तेव्हा सांगायला पाहिजे होतं. जिभेवर आलं होतं. आणि मी म्हणाले, "व्हय, लई भ्याले."

"मग बरोबर हाय. भ्यालं की क्षेत्र तुटतंय." असं म्हणून माझ्या हातावर हात ठेवलात. माझीच समजूत काढायला!

पण तुम्ही तरी कामून खोदून विचारलं नाही? मोटारीचा नुसता आवाज ऐकून कुठं बिघडलंय ते सांगणारा माणूस तुम्ही. माझा आवाज ओळखू आला नाही? का कळलं होतं, आणि गप्प राहिलात?

गेल्या वर्षी त्या दिवशी दुकानात तार गुंडाळता गुंडाळता तुम्ही खाली पडलात. मी उंबऱ्यात बसून तूर निवडत होते. मला काही म्हणता काही कळलं नाही. छातीत धस्स झालं नाही, हातातलं सूप थांबलं नाही. शेजारची शकीलाबी पळत आली, "भाभी, जल्दी चलो" म्हणाली, तेव्हा उठले. चार गल्ल्या, अहो! तेवढ्यावरून तुमचं जाणं मला कळू नये? वर्ष होत आलं, हेच मला खातंय.

काल बालाजीनं ती वही पुढं ठेवली. "आई, छापायच्या आधी सांग. ह्या नोंदी खऱ्या हायत का?"

मी म्हणाले, "पहिली खरी. बाकी माझं खोटं."

त्यानं वही पहिल्या पानापासून परत चाळली. मग म्हणाला, "तसंच छापू. तू लिहून दे." मी सगळं लिहिलं, खाली सही केली. पुस्तकात तुम्ही खोटे ठरणार नाही. मी ठरेन.

कुणीच एकटं नसतंय म्हणायचे ना तुम्ही? मी आहे. लाईटीचं मीटर बघायला आलेल्या माणसाला चहाच्या निमित्तानं अर्धा तास बसवून घेते. आलेला माणूस घड्याळ बघायला लागला की कसंतरी होतं.

बालाजी रोज फोनवर विचारतो, "आई, करमायलंय का?" मी रोज व्हय म्हणते, आणि त्याला ते खरं वाटतं. सांगितल्याशिवाय कसं कळणार पोराला?

पोचल्यावर त्याचा फोन येईल. तुम्हाला शब्द देते, आज म्हणणार, "न्हाई बाळा, करमंना."

तुमची,
प्रयाग