एक नळी गेली, एक आहे

अबाइयांग बेटावरच्या माझ्या आईस, तुझ्या तेरेतियाचा नमस्कार.

तारावाच्या इस्पितळातून लिहितेय. घाबरू नकोस, मी बरी आहे. पोटात दुखत होतं ते मासळीमुळे नव्हतं. मला दिवस गेले होते, पण गर्भ पिशवीत न उतरता नळीतच अडकला आणि सोमवारी नळी फुटली. ऑपरेशन करून ती काढली.

मी विचारलं, "आता मूल होणार नाही?"

डॉक्टरीणबाई म्हणाल्या, "दुसरी नळी शाबूत आहे की! फक्त पुढच्या वेळी पाळी चुकली की लगेच ये."

तुझा जावई बाउरो उशाशी बसून असतो. बाबांच्या अळूच्या खड्ड्यात भरतीचं खारं पाणी शिरलं का?

सासूबाईंना माझी जखम सुकतेय एवढंच सांग, मुलाचं नको. मूल होतं हे मलाही ते गेल्यावरच कळलं, आई.

तुझी तेरेतिया