कुकरची शिट्टी

मंगळवार, १२ नोव्हेंबर. बजाजनगर, संध्याकाळ.

देवगाव रंगारीचे सुभेदारकाका सकाळी गेले. त्यांच्या सूनबाईंचा फोन आला. "भाऊ, ती शूटिंग द्या. दहाव्याला समद्यांना दाखवू."

काय दाखवू?

माजी सैनिकांच्या आठवणींची फिल्म करतोय, पण हाताला सवय लग्नांच्या शूटिंगची. पंधरा दिवसांपूर्वी काका लढाईत त्यांच्या मांडीवर जीव सोडलेल्या दोस्ताबद्दल सांगत होते. पन्नास वर्षं घरात कुणाजवळ बोलले नव्हते. "मरताना तो मला म्हणला..." आणि स्वयंपाकघरात कुकरची शिट्टी झाली. माझे कान तिखट ना! लगेच हात वर केला. "थांबा काका, आवाज आला. परत घेऊ."

काका हसले. "लेका, हे काय लग्नातले हार हायेत व्हय, परत घालायला?"

मग पाणी प्यायले, कपाशीचं बोलले. त्या वाक्याकडं परत वळलेच नाहीत. मीही म्हटलं, पुढच्या खेपेला विचारू.

आत्ता तीनदा ऐकलं. शिट्टी, माझं "थांबा", काकांचं हसणं. शिट्टी राहिली असती तर काय बिघडलं असतं?

माझं "थांबा" कापणं दोन मिनिटांचं काम आहे. पण मग वाटेल, काका शिट्टीनंच थांबले. दोष सूनबाईंच्या कुकरवर जाईल.

नाही कापत.