मलिंगारची दौलतजादा

मलिंगार, २ ऑगस्ट २०२५

ती. आत्यास,
शि. सा. न. वि. वि.

फोनवर तुला ऐकू येत नाही आणि बाबा कुणाशीच बोलत नाहीत, म्हणून हे पत्र. आई गेल्यावर खटपटी करून त्यांचा व्हिसा मिळवला, इकडे आणलं. वर्ष झालं, ते नुसते खिडकीशी बसून असतात. हॉस्पिटलात दिवसभर पेशंटांशी बोलायचं आणि घरी येऊन भिंतीशी. इथे आयरिश लोकांत कुणी कशी आहेस विचारलं की ‘ग्रँड’, म्हणजे झकास, म्हणायचं असतं, मीही म्हणते. पण खरंच थकले गं. सप्टेंबरअखेरचं त्यांचं तिकीट काढलंय. ठेवून घेशील ना त्यांना?

तुझ्या मायेवर हक्क समजूनच विचारते आहे.
तुझी,
निशिगंधा

संगमनेर, १३ ऑगस्ट

चि. निशिगंधास,
अनेक आशीर्वाद.

पाठव बाई. एक बहिरी नि एक मुका, घरात भांडणाला वावच नाही! पण बाळासाहेब काही गप्प जन्मला नव्हता. पाटबंधारे खात्यातली नोकरी सुटली की सायकल थेट तमाशाच्या फडावर जायची. त्याच्या ढोलकीला शिट्ट्या पडायच्या. तुझ्या आईच्या दुखण्यात त्याने ती माझ्या माळ्यावर आणून टाकली, ती तिथेच आहे. तू डॉक्टर, त्याची नाडी पाहत असशील. कधी हात बघ त्याचे.

वेळेवर जेवत जा. माया आहेच, ती काय पत्रात मावते?
तुझी,
आत्या

मलिंगार, २४ ऑगस्ट

ती. आत्यास,
सा. न. वि. वि.

माझ्या वॉर्डातली नर्स वुलान इंडोनेशियाची. सतरा ऑगस्ट हा त्यांचा स्वातंत्र्यदिन, म्हणून तिने घरी बोलावलं. बाबांना एकटं कुठे ठेवणार, नेलं. तिकडे ‘दांगदुत’ नावाची गाणी फार चालतात; टीव्हीवर त्यांच्या स्पर्धासुद्धा असतात. त्यात ढोलकीसारखं वाद्य, बासरी आणि ठेका असा की पाय थांबत नाहीत. वुलान कराओकेवर गायला लागली, आणि बाबा उठले. खिशातून नोट काढून कपाळाला लावली आणि सगळ्यांदेखत तिच्यापुढे धरली. तमाशातल्यासारखी दौलतजादा! मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. उद्या वॉर्डात तिला तोंड कसं दाखवायचं?

मी त्यांचा हात धरायला धावले, तर वुलानने गातागाताच लवून नोट घेतली आणि बाकीचेही हसत नोटा घेऊन पुढे झाले. त्यांच्याकडेही हीच रीत, ‘सावेर’ म्हणतात. मग कुणीतरी बाबांपुढे बिस्किटांचा रिकामा डबा ठेवला. आत्या, त्यांनी तो वाजवला! मी त्यांचे हात पाहिले. परतताना गाडीत रडू आवरेना.

आता वुलान त्यांना दर रविवारी न्यायचं म्हणते आहे. घरी मात्र अजून गप्पच असतात. मी थकलेली आहे ती आहेच, पण त्यांचं तिकीट रद्द करते. राहू देत इथेच.

रागावू नकोस, आहे तो लोभ कमी करू नकोस.
तुझी,
निशिगंधा

मलिंगार, ७ सप्टेंबर

ती. अक्कास,
सा. न. वि. वि.

पोरगी तिकीट रद्द करायला निघाली होती. वर्षाने तिच्याशी तोंड उघडलं ते ‘नको’ म्हणायला. तिला वाटलं, मी रुसलो. रुसलो नाही गं. ड्युटीवरून आली की ती दारात गाडी लावते, पण उतरत नाही. स्टिअरिंगवर डोकं टेकून बसते. मग चेहरा पुसते, ओठांवर हसू आणते आणि आत येते, माझ्यासाठी. खिडकीतून रोज मी तेच बघत बसायचो. काय बोलणार? माझ्यापायी होणारे निदान तेवढे हसायचे कष्ट तरी तिचे वाचू देत. ठरल्या दिवशी येतो.

तू धाकट्याला सांभाळत आलीसच, आता थोडं आणखी.
तुझा,
बाळासाहेब

ता. क. ढोलकी माळ्यावरून काढून ठेव. तुला ऐकू येणार नाही, पण वाजवताना तिच्यावर हात ठेवलास की कळेल.