मडमेच्या आईचं फूल

आबा,

तुम्हाला जाऊन बारा वर्षं झाली, आणि वाचता तर तुम्हाला तेव्हाही येत नव्हतं. तरी मी शिकवते ती शाळा सुटल्यावर रिकाम्या वर्गात बसून हे लिहिते आहे. इथे खेडला थंडी पडली आहे, सकाळी जगबुडी नदीचं पात्र धुक्यात दिसेनासं होतं. अशा दिवसांत मला रत्नागिरीतल्या साहेबाच्या बंगल्यामागची ती मोडकी विहीर दिसते. तुम्ही तिथे माळी होतात. आई नव्हती, म्हणून शाळेआधी मीही तुमच्यामागून यायची. एका वर्षी मडमेच्या आईने विलायतेहून, स्वतःच्या बागेतले चार गड्डे शेवाळात गुंडाळून पेटीतून पाठवले होते. हेलेबोर. तुम्ही हेलीबार म्हणायचात. बर्फातून वर येणारं फूल, असं मडम म्हणाली. बर्फ तुम्ही जन्मात पाहिला नव्हता, पण तुम्ही नुसती मान डोलावलीत.

पेटी येऊन महिना झाला नाही तोच मडमेची आई वारल्याची तार आली. त्यानंतर मडम रोज बागेत येऊन, गड्डे लावलेल्या घासलेटच्या डब्यांपाशी उभी राहायची. त्यांतले तीन गड्डे उन्हाने कुजले होते. "पत्रा तापतो गो," तुम्ही मला म्हणालात, "मातीचं भांडं गार राहतं." मग खोल मडक्याला बुडाशी भोकं पाडलीत, फणसाखालचा कुजका पाला, रेती आणि कुटलेले शिंपले भरलेत, आणि चौथा गड्डा त्यात बसवून मडकं त्या विहिरीच्या पायऱ्यांवर, पाण्याच्या जरा वर ठेवलंत. त्याच्या मुळांत विष असतं म्हणून पिण्याच्या विहिरीकडे तुम्ही ते नेलं नाहीत.

तुमचे गुडघे दुखायचे, म्हणून खाली मी उतरायची. अजून उतरते, झोपेत. चिऱ्यांतून नेचे लोंबतायत, पायाखाली ओलं, वर आभाळाचा वाटोळा तुकडा. खाली आवाजसुद्धा हळू होतात. मी ओंजळीने पाणी घालते आणि वरून तुम्ही विचारता, "काय म्हणतंय?" मी सांगते, "पान हललं." वारा नसतो तिथे, पण मी तसंच सांगते, आणि तुम्ही वर हसता ते मला खाली ऐकू येतं.

मार्गशीर्षात कळी आली. मला राहवलं नाही. आत कोणता रंग आहे ते बघायला मी ती नखाने उकलली, आणि दुसऱ्या दिवशी ती काळी पडली. तुम्ही गुडघे धरत स्वतः खाली आलात. मारलं नाहीत. "तुला कसली घाई झाली होती गो बाय?" एवढंच म्हणालात. संध्याकाळी मात्र व्हरांड्याच्या पायरीशी उभं राहून तुम्ही मडमेला सांगितलंत, "माझा हात लागला बाईसाहेब. चूक झाली." मी खांबामागे होते. तिने ती काळी कळी तुमच्या हातातून घेतली आणि आत जाऊन दार लावलं.

पुढे तिची तब्येत ढासळली, आणि साहेबाने तिला मायदेशी पाठवायचं ठरवलं. ज्या सकाळी ती बोटीवर निघाली त्याच सकाळी मडक्यात, पानांच्या खाली लपलेलं, दुसरं फूल उमललं होतं. पांढरं, कडेला हिरवट, मान खाली घातलेलं. तुम्ही मडकं डोक्यावर घेतलंत आणि अनवाणी बंदराकडे निघालात. बोट लांब समुद्रात नांगरलेली, उतारू मचव्यातून जात होते. मचवेवाला नको म्हणत असताना तुम्ही कमरेएवढ्या पाण्यात शिरलात. मडम मचव्यातच होती. फुलाचं तोंड दिसावं म्हणून तुम्ही मडकं दोन्ही हातांनी डोक्याच्या वर धरलंत, आणि तिने वाकून खालून पाहिलं. बराच वेळ पाहिलं. मग तिने तुमच्या ओल्या हातांवर आपले हात ठेवले. काय म्हणाली ते मला ऐकू आलं नाही. तुम्हीही कधी सांगितलं नाहीत, कारण मी कधी विचारलंच नाही.

विचारलं नाही ते लाजेपायी, आबा. त्या दिवशी शाळेतल्या मुली धक्क्यावर बोट बघायला आल्या होत्या. वकिलांच्या, कारकुनांच्या मुली. मडमेच्या शब्दावर मला त्या शाळेत घेतलेलं, आणि मी त्यांच्यात उभी होते. एकीने तुमच्याकडे बोट दाखवून विचारलं, "तो वेडा कोण गं?" सगळ्या हसल्या. मीही हसले. तुम्ही पाण्यातून वर आलात, धोतर पायांना चिकटलेलं, तोंडभर हसू, आणि गर्दीत मला शोधू लागलात. तुमची नजर माझ्यावर आली. मी म्हटलं, "कोण जाणे," आणि मान वळवली.

तुम्ही हाक मारली नाहीत. मडकं घेऊन एकटेच चढावाला लागलात. रात्री जेवताना माझ्या ताटात भात वाढून म्हणालात, "दमली असशील." तेव्हापासून मला वाटत आलं आहे की तुम्ही ऐकलं नव्हतं. पण मी तुमच्यापासून चार पावलांवर होते.