सांजमुलुखातलं रिकामं घर

आबा, आपल्या सांजमुलुखात काल मी एक मोठा बदल केला. तो तुम्हाला सांगितल्याशिवाय मला चैन पडेना, म्हणून लिहायला बसले.

नव्वदच्या दशकातली पांडेसऱ्यातली आपली खोली आठवते. तुम्ही डाइंग मिलमध्ये रंगमास्तर, आणि बहुतेक रात्रपाळीच. दिवसभर झोपायचात. पण तिन्हीसांजेला झोपलेलं माणूस आईला खपायचं नाही. "दिवा लावाना टाईम व्हयना, उठा आते!" म्हणत ती भांडी अशी आपटायची, की शेजारचेही उठून बसत. मग आपण दोघं चहा घेऊन गच्चीवर. पाळीला निघेपर्यंतची ती वेळ आपली. मिलमध्ये त्या वेळी खिडकीच्या उजेडात कापड नमुन्याशी लावून बघायचं नाही, असा तुमचा नियम होता. "ह्या येळले रंग लबाड बोलस, माय," तुम्ही मला म्हणायचात. मिलच्या उपयोगाची नाही ती वेळ आपण घेऊ, असं म्हणून आपण तिचा एक मुलूखच वसवला.

तिथे सूर्य पाहुण्यासारखा डोंगराला टेकलाय आणि हलायचं नाव घेत नाही. मधून नदी वाहते. ती जांभळी, असं अलीकडचं गाव म्हणतं. राखाडी, असं पलीकडचं. एवढ्यावरून पिढ्यान्‌पिढ्या डोकी फुटली. शेवटी दोन्ही गावांत सोयरीक जुळली आणि नवरीचं लुगडं नदीच्याच रंगाचं हवं असं ठरलं. रंगाऱ्याने पांढरं लुगडं पाण्यात बुडवून काढलं, तर ते पांढरंच! हसता हसता भांडण मिटलं. रानात लांब सावल्यांची हरणं होती. हरणाआधी त्याची सावली पाण्यावर पोचायची, वाघ सावलीवरच झडप घालायचा आणि उपाशी राहायचा. वाघ मरेल म्हणून मी भोकाड पसरलं, तेव्हा तुम्ही त्याला ज्वारी-उडदाच्या कळण्याची भाकरी खायला लावलंत. "आधी जेवी ल्या, मंग तुमना मुलुख हिंडा," आई खालून ओरडायची.

नवीन काही घालायचं तर दोघांची मंजुरी लागे. मी सुचवायची, तुम्ही बशी ओठांपाशी धरून विचार करायचात आणि कापड पास करावं तसं म्हणायचात, "मंजूर शे." नदीच्या वळणावरचं एक घर मात्र रिकामं राहिलं. दाराशी बाजसुद्धा टाकलेली. मी तिथे चेटकीण सुचवली, मग माझ्या वर्गातली एक भांडकुदळ मुलगी सुचवली. तुम्ही दोघींनाही नापास केलंत. "ऱ्हाऊ दे रिकामं. कोनी तरी यी." मी नववीत असताना तुमच्या छातीत कळ आली आणि तुम्ही गेलात. मंजुरी देणारं कुणी उरलं नाही, आणि मुलूख होता तिथेच थांबला. मी त्यात कधी काही घातलं नाही. तो मोडेल, याची भीती वाटायची.

आता आम्ही कामरेजला राहतो. तुमची नात तुमच्यासारखीच बशीत ओतून दूध पिते. संध्याकाळी बाल्कनीत तिला मी सगळा मुलूख सांगते, तुमच्या रात्रपाळीसकट. काल वळणावरच्या घराशी आलो तशी ती अडली. "मम्मी, आ घर खाली केम छे?" शाळेतल्या गुजरातीत तिने विचारलं, रिकामं का म्हणून. कुणीतरी येणार आहे, मी म्हटलं. "पण कोण? कधी?" तुमचं उत्तर तिच्यापुढे टिकलं नाही. माझ्या तोंडून निघून गेलं, "तिथे तुझे आजोबा राहतात." तिने बशी ओठांपाशी धरून विचार केला. "मग ते रात्रपाळीला कधी जातात?"

"जात नाहीत," मी म्हटलं. "तिथे रात्र होतच नाही."

आबा, सूर्य थांबवायचा ही माझी सूचना होती. अगदी पहिली. त्या दिवशी तुम्ही फार वेळ माझ्याकडे बघत राहिलात. बशीतला चहा निवून गेला, मग मंजूर म्हणालात. मी तो कशासाठी थांबवला, हे तुम्हाला तेव्हाच कळलं होतं ना? मला काल कळलं.

नातीने बशी खाली ठेवली आणि "मंजूर" म्हटलं. म्हणजे तुम्ही आता तिथे राहता. हे पत्र टाकायला त्या मुलुखात पेटी आपण ठेवली नव्हती, म्हणून ते माझ्यापाशीच राहील. आणि एक सांगते. तुमची मंजुरी मी मुद्दामच मागितली नाही. तुम्ही म्हणाला असतात, पाळीला उशीर होतोय.